शकीराच्या गाण्यातलं देणंघेणं

विषय जाहीर झाल्यावर दोघातिघांनी मला एकच प्रश्न विचारला. जन्मभर तत्त्वज्ञान शिकवलेल्या माणसाचं शकीराशी काय देणंघेणं? प्रश्न अर्थातच चेष्टेत होता. पण त्यातला तो शब्द मला आवडला आणि तोच मी आजच्या व्याख्यानाला घेतला. शकीरा इतक्या निरनिराळ्या लोकांबरोबर गायली आहे, हैतीचा रॅपर, दक्षिण आफ्रिकेचा बँड, अर्जेंटिनाचा संगीत-निर्माता, टेक्सासमधले मेक्सिकन वादक, की तिच्या गाण्यांची यादी म्हणजे एक नकाशाच आहे. या यादीकडे बघून लोक म्हणतात, वा, संस्कृतींचा संगम! मला संगमाबद्दल तक्रार नाही. मला एवढंच विचारायचंय, की या संगमात कुणी काय दिलं, कुणी काय घेतलं, आणि वहीत कुणाचं नाव लिहिलं गेलं?

थोडं माझ्याबद्दल सांगणं भाग आहे, कारण या व्याख्यानात मी माझ्याच एका मताची उलटतपासणी करणार आहे. मी अनेक वर्षं वर्गात गाडामर शिकवला. त्याचा ‘सत्य आणि पद्धती’ हा १९६० चा ग्रंथ. समजून घेणं म्हणजे दोन क्षितिजांनी एकमेकांत मिसळणं, हा त्याचा प्रसिद्ध विचार. फार सुंदर कल्पना आहे, आणि मी ती फार आवडीने शिकवली. दोन परंपरा भेटल्या की दोघी मोठ्या होतात, असं मी मुलांना सांगत असे. शकीराची गाणी ऐकायला लागलो तेव्हा मला वाटलं होतं, की हा गाडामरला सोपा करून सांगण्याचा उत्तम मार्ग. पण ऐकत गेलो, त्या गाण्यांच्या मागे काय घडलं ते वाचत गेलो, आणि लक्षात आलं की या कल्पनेत एक रकाना रिकामा आहे. क्षितिजं मिसळली, ठीक. मानधन कुणाला मिळालं? याला गाडामरकडे उत्तर नाही. कदाचित त्याने तो प्रश्न घेतलाच नव्हता, आणि मीही कधी घेतला नाही.

आता मूळ गावापासून सुरुवात करू. शकीरा १९७७ साली कोलंबियात बारांकिया या शहरात जन्मली. माग्दालेना ही मोठी नदी जिथे कॅरिबियन समुद्राला मिळते तिथलं हे बंदर. वडील लेबनीज वंशाचे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून लेबनॉन, सीरिया, पॅलेस्टाइनमधून लोक या किनाऱ्यावर येत राहिले. ते ओट्टोमन साम्राज्याची कागदपत्रं घेऊन आले, म्हणून तिथे त्यांना सरसकट ‘तुर्क’ म्हणत. ज्यांच्या अमलाखालून हे लोक निघून आले, त्यांचंच नाव यांना चिकटलं. बंदरावरचा कारकून कागद बघतो, माणूस बघत नाही.

त्याच शहराचा कार्निव्हल आहे, ज्याला युनेस्कोने २००३ मध्ये मानवजातीचा वारसा म्हणून मान दिला. तिथला मुख्य नाच-संगीताचा प्रकार म्हणजे कुंबिया. त्यात मूळ आदिवासींच्या लांब बासऱ्या, गुलाम म्हणून आणलेल्या आफ्रिकनांचे ढोल आणि स्पॅनिश पेहराव-कवन हे तिन्ही आहे. शेजारच्या भागातला दुसरा प्रकार व्हायेनातो. त्याची वाद्यं तीन: काहा नावाचा आफ्रिकन वळणाचा लहान ढोल, ग्वाचाराका नावाचं खाचा पाडलेलं, घासून वाजवायचं आदिवासी वाद्य, आणि अकॉर्डियन. अकॉर्डियन कुठलं? युरोपातलं, जहाजातून उतरलेलं. आपली पेटी आणि अकॉर्डियन ही एकाच कुळातली वाद्यं, दोन्हींत धातूच्या पट्ट्या हवेने थरथरतात. आपण त्या पेटीवर नाट्यसंगीत उभं केलं आणि मग १९४० मध्ये आकाशवाणीने ती परकी म्हणून बंद केली. कोलंबियाच्या त्या गुराख्यांनी अकॉर्डियनला असं काही विचारलं नाही. वाजतंय ना, मग आपलं.

हे एवढं का सांगितलं? कारण शकीराबद्दल लिहिणारे बहुतेक जण असं धरून चालतात, की शुद्ध लॅटिन संगीत नावाचं काहीतरी होतं आणि तिने त्यात बाहेरचं मिसळलं. तसं शुद्ध काही नव्हतंच. क्यूबाचे विद्वान फर्नांदो ऑर्तिझ यांनी १९४० साली, तंबाखू आणि साखर यांच्यावरच्या आपल्या पुस्तकात, या प्रक्रियेला एक नवा शब्द दिला, ‘ट्रान्सकल्चरेशन’. मराठीत आपण ‘संस्कृत्यंतर’ म्हणू. त्यांचं म्हणणं असं, की दोन संस्कृती भेटतात तेव्हा एक दुसरीला गिळते असं नाही. दोघीही काहीतरी गमावतात आणि तिसरं काहीतरी जन्मतं. त्यातला ‘गमावतात’ हा भाग मला महत्त्वाचा वाटतो. संगमाचे गोडवे गाताना तो भाग आपण विसरतो. कुंबियातला ढोल काही स्वखुशीने तिथे आलेला नाही.

तर बारांकियाच्या मुलीला मिश्रण शिकावं लागलं नाही. १९९८ चं तिचं ‘ओहोस आसी’ हे गाणं घ्या. स्पॅनिश गाणं, आणि मध्येच अरबी ओळी येतात. अरबी ठेका, अरबी वळणाचे सूर. २००० साली पहिल्या लॅटिन ग्रॅमीत या गाण्याला बक्षीस मिळालं. पुढे ग्लोरिया एस्तेफान यांच्या मदतीने त्याचं इंग्रजी रूप झालं, ते २००१ च्या तिच्या पहिल्या इंग्रजी अल्बममध्ये आहे. आता गंमत बघा. स्पॅनिशचं इंग्रजी झालं, अरबी मात्र अरबीच राहिलं. मला हे फार मोलाचं वाटतं. मार्तिनिक बेटाचे कवी आणि विचारवंत एदुआर ग्लिसाँ यांनी ‘अपारदर्शक राहण्याचा हक्क’ अशी एक मागणी केली आहे. दुसऱ्याने मला पूर्ण समजून घेतल्याशिवाय तो माझ्याशी नातं जोडणारच नाही, ही अट त्यांना मान्य नाही. मला समजून न घेताही माझ्याशेजारी बस, असं ते म्हणतात. त्या गाण्यात कोलंबियाचा, स्पेनचा, अमेरिकेचा ऐकणारा त्या अरबी ओळींशेजारी नुसता बसतो. त्याला अर्थ कळत नाही आणि कुणी समजावूनही सांगत नाही. इथे दुसरी संस्कृती पाहुणी म्हणून आलेली नाही, ती गाणारीच्या घरातली आहे, आणि तिला घरात भाषांतराची गरज नाही.

याच्या अगदी उलट उदाहरण २००७ चं, बियॉन्सेबरोबरचं ‘ब्यूटिफुल लायर’. त्यातही अरबी वळण आहे. पण तिथे ते पडद्यासारखं मागे टांगलेलं आहे. धूर, वारा, कमरेची हालचाल. दोन जगप्रसिद्ध बायका एकसारख्या दिसतात, एकसारख्या नाचतात. दोघींपैकी कुणालाही काही बदलावं लागलं नाही, कुणाचं काही गेलं नाही. चाल बरी आहे, यापलीकडे मला त्याबद्दल काही म्हणायचं नाही.

मग ज्या गाण्याने ती खऱ्या अर्थाने जगभर गेली त्याकडे येऊ. ‘हिप्स डोन्ट लाय’, २००६. बरोबर वायक्लेफ जाँ, हैतीत जन्मलेला, अमेरिकेत वाढलेला, फ्यूजीज या गटाचा. हे गाणं शून्यातून झालेलं नाही. वायक्लेफने २००४ मध्ये एका चित्रपटासाठी क्लॉडेट ऑर्टिझ या गायिकेबरोबर एक गाणं केलं होतं, त्याचं हे नवं रूप. सुरुवातीला जी तुतारी, म्हणजे ट्रम्पेट, वाजते ती आणखी जुनी. पोर्तो रिकोच्या जेरी रिव्हेराने १९९२ मध्ये गायलेल्या एका साल्सा गाण्यातली. ते गाणं पनामाच्या ओमार आल्फान्नो यांचं, आणि ‘हिप्स डोन्ट लाय’च्या रचनाकारांत आल्फान्नो यांचं नाव आहे. म्हणजे मोजा: हैती, कोलंबिया, पोर्तो रिको, पनामा. चार मिनिटांत सगळा कॅरिबियन समुद्र. आणि मुख्य म्हणजे कुणाकडून काय घेतलं ते लिहून ठेवलेलं. उसनं घ्यायला हरकत नसतेच. आपल्याकडेही वाटीभर साखर शेजारून आणतात, पण वाटी परत करताना रिकामी देत नाहीत.

हैती आणि कोलंबिया एकत्र गातात याला एक जुना संदर्भ आहे, तो सांगितल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. दक्षिण अमेरिकेचा मुक्तिदाता सिमोन बोलिव्हार हरून, पळून १८१५ च्या अखेरीस हैतीत पोहोचला. गुलामांनी बंड करून स्वतंत्र केलेला तो देश. तिथले अध्यक्ष पेत्याँ यांनी त्याला आसरा दिला, शस्त्रं दिली, जहाजं दिली, आणि बदल्यात एकच मागितलं: तुम्ही जो प्रदेश मुक्त कराल तिथले गुलामही मुक्त करा. पुढे कोलंबिया स्वतंत्र झाला. १८२६ मध्ये पनामात अमेरिका खंडातल्या नव्या देशांची परिषद भरली. तिचं आमंत्रण हैतीला गेलं नाही. ज्याने जहाजं दिली, त्याला पंगतीत पान नाही. शकीरा आणि वायक्लेफ यांच्या मनात हे होतं असं मी म्हणत नाही. पण मी ते गाणं ऐकतो तेव्हा माझ्या मनात येतं. यावेळी हैतीचा माणूस पंगतीत आहे आणि त्याचं नाव पानावर छापलेलं आहे.

याच गाण्याचं एक मुंबई प्रकरणही आहे. २००६ च्या एमटीव्ही पुरस्कार सोहळ्यात शकीराने हे गाणं हिंदी सिनेमाच्या थाटात सादर केलं, नृत्यरचना फराह खान यांची. पुढच्या वर्षी ती मुंबईत येऊन गायलीही. तेव्हा आपल्याकडे फार कौतुक झालं, आणि कौतुक व्हावं असं ते नाचलीही छान. पण आपण आहोत म्हणून खोटं कशाला बोलायचं? त्या सादरीकरणात भारत हा दागिना होता. तो काढून ठेवला तरी गाणं तेच राहिलं. हैती काढला असता तर गाणंच उरलं नसतं.

इथे मला एक कसोटी सापडली असं वाटलं. साथीदार बदलून बघा. बदलता आला, तर ते सहकार्य नव्हतं, ती सजावट होती. या कसोटीचं सगळ्यात बोचरं उदाहरण म्हणजे २०१० चं ‘लोका’. डोमिनिकन प्रजासत्ताकातल्या एल काता या गायकाच्या एका गाण्यावर ते बेतलेलं आहे. ‘लोका’च्या स्पॅनिश आवृत्तीत एल काता स्वतः आहे. इंग्रजी आवृत्तीत त्याच्या जागी डिझी रास्कल हा लंडनचा रॅपर. गाणं तेच, मेरेंगेचा ठेका तोच, शकीरा तीच. ज्याच्या घरातून गाणं आलं तो माणूस, बाजार बदलल्याबरोबर बाहेर. डिझी रास्कलचा दोष नाही, तो चांगला कलावंत आहे. पण बघा, त्या गाण्यात शकीराच्या बाजूची जागा ही माणसाची जागा नव्हती, खुर्ची होती.

या गाण्यावरून खटलाही झाला. एल काताचं मूळ गाणंच आपलं आहे, असा दावा आणखी एका डोमिनिकन रचनाकाराने केला. न्यूयॉर्कच्या न्यायाधीशांनी २०१४ मध्ये आधी दावा ग्राह्य धरला, आणि मग २०१५ मध्ये तो फेटाळला, कारण पुरावा म्हणून आणलेली कॅसेट बनावट निघाली. हे मी मुद्दाम सांगतोय. ‘चोरी, चोरी’ असं ओरडणारा प्रत्येक जण खरा असतो असं नाही. मोठ्या माणसावर आरोप केला की तो आपोआप खरा ठरत नाही. हिशोब मागणाऱ्यालाही हिशोब द्यावा लागतो.

आता ‘वाका वाका’. हे तुम्हा सगळ्यांना माहीत आहे, शाळेच्या गॅदरिंगमध्ये बघितलेलं आहे. २०१० चा फुटबॉलचा विश्वचषक, आफ्रिकेत पहिल्यांदाच. त्याचं अधिकृत गाणं. शकीराबरोबर दक्षिण आफ्रिकेचा फ्रेशलीग्राउंड हा बँड, त्यातल्या झोलानी महोला या गायिकेच्या खोसा भाषेतल्या ओळी. तेव्हाच एक प्रश्न उठला होता: विश्वचषक आफ्रिकेत, मग गाणारी कोलंबियाची का? प्रश्न रास्त होता, पण माझ्या मते तो वरवरचा होता. खरा प्रश्न ध्रुवपदात दडलेला होता.

ते ध्रुवपद कॅमेरूनचं आहे. १९८६ मध्ये गोल्डन साउंड्स नावाच्या गटाने ‘झांगालेवा’ हे गाणं केलं. हे लोक सैन्यातले, राष्ट्राध्यक्षांच्या रक्षकदलातले. पोटावर, मागे उशा बांधून, लष्करी गणवेश घालून ते सोंग आणत आणि कवायतीच्या चालीवर गात. वसाहतीच्या काळात गोऱ्या साहेबांच्या हुकमतीखाली लढलेल्या आफ्रिकन शिपायांची आठवण त्यात आहे, आणि थट्टाही. सुजलेलं पोट, फुगलेला साहेब. ‘झांगालेवा’चा अर्थ साधारणपणे ‘तुला इथे कुणी बोलावलं?’ असा सांगतात. शिपायाचा शिपायाला प्रश्न. कशाला आलास बाबा या पलटणीत? आपल्याकडे तमाशातला सोंगाड्या जे करतो, त्याच जातीचं हे काम. ते इतकं गाजलं की पुढे गटाचंच नाव ‘झांगालेवा’ पडलं.

२०१० मध्ये तेच ध्रुवपद विश्वचषकाच्या गाण्यात आलं. कॅमेरूनच्या लोकांनी अर्थातच ते क्षणात ओळखलं. ओरड झाली. मग कंपनी आणि त्या गटातली माणसं यांच्यात समझोता झाला, आणि झे बेला व कोजिदिए ही नावं रचनाकारांच्या यादीत आली. म्हणजे शेवटी नोंद झाली, हे मान्य. पण मुखपृष्ठ बघा. त्यावर शकीरा आहे, फ्रेशलीग्राउंड आहे, आणि इंग्रजी नावाला जोडलेलं एक शेपूट आहे, ज्याचा आशय ‘आता पाळी आफ्रिकेची’ असा. आफ्रिका! पन्नासच्या वर देश, शेकडो भाषा, त्यातली उशा बांधून नाचणारी चार नेमकी माणसं, आणि त्यांच्या जागी एका खंडाचं नाव. खंडाला मानधन द्यावं लागत नाही, मंडळी.

असं बोलून मी थांबलो असतो तर सोपं होतं. शकीराला दोषी ठरवून आपण चहाला गेलो असतो. पण प्रकरण याहून गुंतागुंतीचं आहे, आणि मला त्यातच खरा रस आहे. कोलंबियाच्या त्या किनाऱ्यावर, बारांकिया आणि कार्ताहेनात, ‘पिको’ नावाची एक संस्कृती आहे. रंगीबेरंगी चित्रं काढलेल्या प्रचंड स्पीकरच्या पेट्या, गल्लीत मांडायच्या आणि रात्रभर नाच. आपल्याकडच्या डीजेच्या भिंती डोळ्यासमोर आणा, फक्त पिको नुसता गोंगाट करत नाही, त्याला जाणकार श्रोता लागतो. १९७० च्या सुमारापासून या पिकोवर आफ्रिकन तबकड्या वाजायला लागल्या. काँगोच्या, नायजेरियाच्या, कॅमेरूनच्या. खलाशी आणत, व्यापारी आणत. गुलामांच्या वंशजांच्या वस्त्यांत, ज्या खंडातून पूर्वज आले तिथलं आजचं संगीत येऊन पोहोचलं. त्यातूनच चांपेता हा त्या किनाऱ्याचा संगीतप्रकार जन्मला. आता ऐका. प्रत्येक पिकोची इभ्रत त्याच्याकडच्या अशा गाण्यावर असे, जे दुसऱ्या पिकोकडे नाही. म्हणून पिकोवाले काय करत? तबकडीवरचं लेबल खरवडून टाकत. कुणी गायलं, कुठल्या देशाचं, काही कळू नये. आणि मग त्या गाण्याला गल्लीतले लोक एखादं स्पॅनिश नाव देत, कानाला जे ऐकू येई त्यावरून. ‘झांगालेवा’ही त्या किनाऱ्यावर पोहोचलं होतं. त्याला तिथे ‘एल मिलितार’ म्हणत, म्हणजे ‘फौजी’.

समजतंय ना मी काय म्हणतोय ते? शकीरा त्या गाण्याला पहिल्यांदा न्यूयॉर्कच्या किंवा मायामीच्या स्टुडिओत भेटली असेल, असं मला वाटत नाही. ती १९८० च्या दशकात बारांकियात वाढणारी पोर होती. ‘फौजी’ हे तिच्या दृष्टीने गावचं गाणं असण्याचा चांगलाच संभव आहे. आपण लहानपणी ऐकलेल्या किती गाण्यांचे रचनाकार आपल्याला ठाऊक असतात? लेबल आधीच खरवडलेलं होतं, आणि ते कुठल्या बड्या कंपनीने नव्हे, गल्लीतल्या गरीब पिकोवाल्याने, पोटासाठी. तेव्हा यात नुकसान कुणाचं झालं? कॅमेरूनच्या त्या सैनिकांचं झालंच. पण त्या पिकोवाल्याने कार्ताहेनाच्या वस्तीला आफ्रिका परत मिळवून दिली, हेही खरं. एकच कृत्य, एकाला घर देणारं आणि दुसऱ्याचं नाव पुसणारं.

मात्र गल्लीत खरवडलेलं लेबल आणि विश्वचषकाच्या गाण्यावर न छापलेलं नाव, यांना मी एका तराजूत घालणार नाही. पिकोवाल्याकडे विचारायला मार्ग नव्हता. कंपनीकडे फोन होता, वकील होता, सवड होती. ज्याला विचारणं शक्य होतं त्याने न विचारणं, हा गुन्हा वेगळा. आणि असं घडण्याची ती पहिली वेळही नव्हती. १९८९ चा तो प्रसिद्ध ‘लांबाडा’, फ्रान्समधल्या काओमा गटाचा, मुळात बोलिव्हियाच्या लोस कार्कास या गटाच्या १९८१ च्या गाण्यावर बेतलेला होता. त्या अँडीजच्या कलावंतांना आपला हक्क भांडून मिळवावा लागला. आपण हसू नये, कारण तीच चाल १९९० मध्ये ‘घायल’ चित्रपटात वाजली आणि आपल्यापैकी अनेक जण त्यावर लग्नाच्या वरातीत नाचले. मीही नाचलो. बोलिव्हिया हे नाव तेव्हा डोक्यात आलं नाही.

ग्लिसाँच्या ‘अपारदर्शक राहण्याच्या हक्का’कडे मला आता परत यावं लागतं. ‘ओहोस आसी’तलं अरबी कळत नाही आणि ‘वाका वाका’तलं ध्रुवपदही कळत नाही. वरून दोन्ही सारखंच. पण पहिल्या गाण्यात न कळणं हे बोलणाऱ्याने राखून ठेवलेलं आहे. दुसऱ्यात बोलणाराच गायब आहे, आणि म्हणून शब्द नुसते आनंदी आवाज होऊन बसलेत. ‘तुला इथे कुणी बोलावलं?’ हा शिपायाचा कडवट विनोद, आणि त्यावर अब्जावधी लोक उड्या मारताहेत. सोंगाड्याची टोपी उरली, सोंगाड्या गेला.

२ फेब्रुवारी २०२० ला मायामीत, सुपर बोलच्या मध्यंतरात, शकीरा आणि जेनिफर लोपेझ यांचा कार्यक्रम झाला. शकीराने त्यात अरब स्त्रिया करतात तसा जिभेने उलूलूचा आवाज काढला, आणि आपल्याकडे त्याची टिंगलही झाली. पण त्याच कार्यक्रमात ती काही क्षण चांपेता नाचली, आणि मागे जी गिटार वाजत होती ती काँगोच्या सिरान म्बेंझा यांच्या गाण्यातली. कोलंबियाच्या किनाऱ्यावर त्या गाण्याला ‘एल सेबास्तियान’ म्हणतात. पिकोवर पडलेलं नाव! दहा वर्षांनी पुन्हा तीच गल्ली, पुन्हा तेच खरवडलेलं लेबल. फरक असा, की यावेळी ती आफ्रिकेच्या नावाने काही विकत नव्हती. आपल्या मोहल्ल्यात लोक जसे नाचतात तशी नाचत होती. मला तो अर्धा मिनिट ‘वाका वाका’पेक्षा खरा वाटतो. आणि तरीही म्बेंझांचं नाव किती प्रेक्षकांपर्यंत पोहोचलं असेल, हा प्रश्न उरतोच. या दोन्ही गोष्टी मी एकाच वेळी मानतो. माझ्या जुन्या विद्यार्थ्यांना हे आवडणार नाही, त्यांना मी विसंगतीबद्दल गुण कापत असे.

थोडं पुढच्या गाण्यांबद्दल. २०१६ चं ‘ला बिसिक्लेता’, कार्लोस व्हिव्हेसबरोबर. हा माणूस सांता मार्ताचा, बारांकियापासून किनाऱ्याने शंभरेक किलोमीटरवर. १९९३ मध्ये त्याने जुने व्हायेनातो नव्या वाद्यवृंदात बसवून दाखवले होते. या गाण्यात अकॉर्डियन आहे, खाली आजचा रेगेटॉनचा ठेका आहे, आणि शब्दांत गावांची, ठिकाणांची नावं येतात. लॅटिन ग्रॅमीत ते त्या वर्षीचं सर्वोत्तम गाणं ठरलं. गंमत म्हणजे तिच्या सगळ्या यादीतलं हे सगळ्यात कमी ‘आंतरराष्ट्रीय’ सहकार्य, दोन शेजारी, आणि मला तेच सगळ्यात मोकळं वाटतं. ती इथे आपला आवाज बदलते. इंग्रजी गाण्यांतला तो घोटीव, कापरा सूर जातो आणि किनाऱ्यावरचा उघडा उच्चार येतो. साथीदार बदलून बघा, जमत नाही. अकॉर्डियन काढून बघा, सायकल पंक्चर.

आणि जानेवारी २०२३ चं ते गाणं, ज्यात तिने आपल्या मोडलेल्या संसाराचा जाहीर पंचनामा केला. त्यातल्या भांडणाची वर्तमानपत्रांनी पुरेशी चर्चा केली, मी करत नाही. मला त्याचं शीर्षक महत्त्वाचं वाटतं. बिझाराप हा अर्जेंटिनाचा तरुण संगीत-निर्माता. तो एकेका कलावंताला आपल्या स्टुडिओत बोलावतो आणि प्रत्येक गाण्याला आपल्या नावाखाली क्रमांक देतो. शकीराचा क्रमांक ५३. तीन दशकं गाजलेली बाई, आणि एका पोराच्या वहीत त्रेपन्नावी नोंद! ज्या गाण्याने तिला पुन्हा शिखरावर नेलं त्याच्या लेबलवर दुसऱ्याचं नाव आधीच छापलेलं आहे, खरवडता न येईल असं. मांडणीही त्याचीच, कोरा, थंड इलेक्ट्रॉनिक ठेका, ज्यात तिला लपायला जागा नाही. म्हणून गाणं धारदार झालं.

त्याच वर्षीचं ‘एल हेफे’, म्हणजे ‘मालक’. साथीला कॅलिफोर्नियातला फुएर्सा रेहिदा हा मेक्सिकन वळणाचा गट. राबणारा कामगार, कमी पगार, माजलेला मालक, असा विषय. शेवटी ती हे गाणं मुलांना सांभाळणाऱ्या एका बाईला अर्पण करते, जिला कामावरून कमी करताना तिचे पैसे मिळाले नाहीत. कोट्यधीश गायिकेने कामगाराचं गाणं म्हणावं का, यावर टीका झाली. मला त्यात ढोंग वाटत नाही. पण ते गाणं ऐकताना माझ्या डोक्यात कॅमेरूनचे ते शिपाई येतात. न दिलेल्या मोबदल्याबद्दल इतक्या तळमळीने गाणारी ही बाई, तेरा वर्षांपूर्वी ‘वाका वाका’ गात होती. हे तिला कधी जाणवलं असेल का? मला वाटतं जाणवलं असावं. पण ही माझी आशा झाली, समीक्षा नव्हे.

माझ्या कसोटीत एक भोक आहे, ते तुम्ही विचारण्याआधी मीच दाखवतो. ‘साथीदार बदलून बघा’ म्हटलं तर ‘हिप्स डोन्ट लाय’मध्ये क्लॉडेट ऑर्टिझ बदललीच होती, आणि गाणं उलट मोठं झालं. म्हणजे बदलता येणं हे नेहमी वाईट लक्षण नाही. मग मी कसोटी थोडी दुरुस्त करतो. साथीदाराला ‘नाही’ म्हणता येत होतं का? वायक्लेफला येत होतं, व्हिव्हेसला येत होतं, बिझारापला तर नक्कीच. गोल्डन साउंड्सना कुणी विचारलंच नव्हतं, तेव्हा ते ‘नाही’ म्हणणार तरी कुठे? आणि ज्याला ‘नाही’ म्हणता येत नाही त्याच्या ‘हो’ला सहकार्य म्हणायला मी तयार नाही. गाडामरची क्षितिजं मिसळू देत, पण दोघांना आपापल्या क्षितिजावर परत जाण्याची वाट मोकळी पाहिजे. हे मी आधी शिकवायला हवं होतं.

बरं. घड्याळ मला खुणावतंय. प्रश्नांच्या आधी आपण दोन गाणी ऐकू. क्रम मी मुद्दाम उलटा ठेवलाय. आधी १९८६ चं, आणि त्याचं चित्रीकरणही पडद्यावर दिसेल, उशा बांधलेल्या त्या फौजींसकट. मग २०१० चं. मागचे दिवे जरा बंद कराल का?